तांडेलवाला गेम : पेटी एक नंबर, जादूने मात्र वाट लावली

संभाजीनगरात गेमिंग म्हणलं की प्लेस्टेशन नाहीतर पूल टेबल, त्यामुळं उस्मानपुऱ्याकडं एका कॅफेच्या गच्चीवर रोल प्ले गेम चालू झालाय हे ऐकून मला वाटलं असंल काहीतरी रील बनवायचं खूळ. पण जाऊन आलो आणि सांगतो, पहिला अर्धा भाग लै भारी आहे. दुसऱ्याबद्दल बोलतो पुढं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, एक दादा गोष्ट सांगतो, आपण त्यातली पात्रं व्हायचं, काय करायचं ते आपण ठरवायचं आणि जमलं का फसलं ते वीस बाजूंचा फासा सांगणार. हा सगळा प्रकार १९७४ ला अमेरिकेत डंजन्स अँड ड्रॅगन्सपासून सुरू झाला, आता जो तो आपली आपली दुनिया रचतो. ह्या दादाच्या दुनियेत जिकडं तिकडं समुद्र, जमीन म्हणजे नुसती बेटं, आणि तिथं एक म्हातारा तांडेल, म्हणजे जहाजाचा कप्तान, होऊन गेला ज्याने सगळे रस्ते शोधले, रस्ते शोधायची यंत्रं पण स्वतःच बनवली आणि एक दिवस जहाजासकट गायब झाला. त्याची पेटी आपल्या हाती लागते. तांडेलाचं नाव कुणीच घ्यायचं नाही असा नियम आहे, घेतलं की वारा पडतो म्हणे, हे मला लै आवडलं.

आता पेटी. हितंच पैसे वसूल होतात. आत नुसते प्रिंट काढलेले कागद नाहीत, खरी चालणारी यंत्रं आहेत. एक लाकडाची छोटी पाटी, मधी भोक, त्यातून दोरी आणि दोरीला गाठी. ह्याला कमाल म्हणतात आणि अरबी समुद्रातले खलाशी खरोखर हेच वापरायचे. गाठ दातात धरायची, दोरी ताणायची, पाटीची खालची कड क्षितिजाला लावायची आणि वरच्या कडेला ध्रुवतारा टेकतो का बघायचं. प्रत्येक बंदराची गाठ वेगळी. तारा बरोबर टेकला की समजायचं आपण त्या बंदराच्या आडव्या रेषेत आलो, मग उत्तर-दक्षिण सोडून द्यायचं आणि सरळ पूर्वेला नाहीतर पश्चिमेला जहाज हाणायचं. शहरात क्षितिज कुठून आणणार, तर ह्या पठ्ठ्याने कठड्यावर डोळ्याच्या उंचीला पांढरी टेप मारलीय आणि बांबूवर एक एलईडी बांधलाय जो तो गोष्टीप्रमाणं वर-खाली करतो, की झाला ध्रुवतारा. आमच्यातली जालन्याची एक पोरगी आधी फासाच टाकायली होती, दादा म्हणला, ‘ताई फासा ठेव, पाटी घे, तारा फाशाने सापडत नसतो.’ मग सगळेच उभे राहिले आणि पाच मिनिटं कुणी मोबाईल बघितला नाही.

ब्रेकमधी मी दादाला म्हणलं खरा ध्रुव दाखवा की. आपलं शहर अंदाजे वीस अंश उत्तर अक्षांशावर, म्हणून ध्रुव पण क्षितिजापासून वीस अंशच वर, म्हणजे हात लांब करून एकावर एक दोन मुठी. बारीक तारा आहे, लोकांना वाटतो तसा चमकदार बिमकदार नाही.

दुसरं यंत्र घड्याळ. तांडेलाने वादळात पण न चुकणारं घड्याळ बनवलं होतं आणि त्यावर त्याच्या गावची वेळ लावलेली. जहाजावर सूर्य डोक्यावर आला की घड्याळ बघायचं, चार मिनिटाला एक अंश हिशोबाने आपण गावापासून किती पूर्वेला नाहीतर पश्चिमेला ते निघतं. कल्पना काही हवेतली नाही, इंग्लंडच्या जॉन हॅरिसन नावाच्या सुताराने खरंच असं घड्याळ केलं होतं आणि १७६१ ला ते जमैकाच्या जहाजावर नेऊन तपासलं. आपल्याकडंच बघा ना, घड्याळाची वेळ ८२.५ अंश रेखांशाची आणि आपण ७५.३ च्या आसपास, म्हणून हितं सूर्य माथ्यावर यायला सरासरी साडेबारा वाजतात. शाळेत हे सगळं होतं, पण तवा मार्कापुरतं.

आता तक्रारी. एक, कमालची दोरी एकच आणि गाठ सगळ्यांच्या दातात! दादा पुसून देतो पण तरी. दहा-दहा रुपयाची दोरी हो, प्रत्येकाला वेगळी द्या. दोन, खायला फक्त सँडविच, नान खलियाच्या गावात थंडगार सँडविच.

आणि तीन, सगळ्यात मोठी. इंटरव्हलनंतर तांडेल स्वतःच प्रकट होतो. चांदीची दाढी, चमकणारी काठी, एक टाळी वाजवली की जहाज उडायला लागतं. मग कामून आम्ही दोन तास गाठी चावल्या? जोवर तो गायब होता तोवर त्याचा दरारा होता, पाटीवर त्याने कोरलेल्या खुणा बघून वाटायचं काय डोकं असंल ह्या माणसाचं, आणि तोच समोर येऊन भाषण ठोकायला लागला की नुसता सिरीयलमधला बाबा वाटतो. त्याचं नाव घेतलं तर वारा पडतो आणि तो मात्र अर्धा तास स्वतःचं कौतुक करायलाय.

अजून एक, ही तक्रार नाही सल्ला आहे. समुद्र शोधायला एवढं लांब कशाला जायचं. अजिंठ्याच्या दोन नंबरच्या लेणीत तीन शिडांचं जहाज रंगवलेलं आहे, मागं वल्ही आणि आत रांगेत ठेवलेली मडकी पण दिसतात. पैठण आणि तेरचा माल भडोच बंदरात जायचा हे जुन्या ग्रीक नोंदीत आहे, पैठण भडोचपासून वीस दिवसाच्या वाटेवर असं त्यात लिहिलंय. दादाच्या नकाशावर मात्र सगळी बेटं इंग्रजी नावाची. एखादं बंदर तरी आपल्या वळणाचं ठेवा राव.

माणशी साडेतीनशे, पाचात साडेतीन. गोष्ट मराठीत पाहिजे असंल तर बुकिंग करतानाच सांगा, नाहीतर तो इंग्रजीत सुरू होतो. पावसाळ्यात गच्ची बंद असते आणि खाली हॉलमधी बांबू उभा राहत नाही, म्हणून दिवाळीनंतरच जा, शक्यतो सगळ्यात उशिराचा स्लॉट घ्या. गाडी मागच्या गल्लीत लावा, पुढं लावली की शेजारचे काका हवा सोडतात.