चित्रपट की मालिका : नाशिकच्या संगीतकारापुढचे दोन मार्ग

नाशिकमध्ये राहून पार्श्वसंगीताचे काम करू पाहणाऱ्यासमोर चित्रपट आणि दूरचित्रवाणी मालिका असे दोन मार्ग असतात, आणि दोन्हींची शिस्त अगदी वेगळी आहे.

चित्रपटात संकलन पक्के झाल्यावर दिग्दर्शकासोबत बसून संगीत कुठे सुरू होईल आणि, त्याहून महत्त्वाचे म्हणजे, कुठे थांबेल हे ठरवले जाते. सेकंदाला 24 चौकटींच्या (फ्रेम्सच्या) हिशेबाने एखादा सूर दार उघडण्याच्या नेमक्या क्षणी पडावा लागतो. दोन चौकटी उशीर झाला, तरी तो कानाला खटकतो. हे काम काही महिने चालते आणि नंतर हात रिकामे राहू शकतात.

दैनंदिन मालिकेत प्रत्येक भागासाठी नवे संगीत करायला वेळच नसतो. म्हणून सुरुवातीलाच शीर्षकगीत, पात्रांच्या धून आणि ताण, विरह, विनोद यांचे तुकडे करून ठेवतात, जे पुढे प्रसंगानुसार बसवले जातात. सासूच्या प्रवेशाला तोच तबल्याचा तुकडा शंभराव्यांदा वाजतो, हे संगीतकाराने मनाला लावून घेऊ नये.

गंगापूर रोडवरच्या घरातून मालिकेचे तुकडे पाठवता येतात. चित्रपटाच्या वाद्यवृंदासाठी आणि अंतिम ध्वनिमिश्रणासाठी मात्र पहाटे उठून पंचवटी एक्स्प्रेसने मुंबई गाठणे बहुधा टळत नाही. करार कोणताही असो, स्वामित्वहक्क (कॉपीराइट) कायद्यातील 2012 च्या दुरुस्तीने संगीतकाराला दिलेला रॉयल्टीचा वाटा त्यात नीट वाचावा. नियमित उत्पन्न हवे असणाऱ्याला मी आधी मालिकाच सुचवेन.