टेबल-कॅलेंडर: रोज एक जर्मन टोमणा

रोज एक पान फाडायचं आणि रोज एका पुरुषाचं नाक कापायचं, असा या कॅलेंडरचा बेत. कोलोनच्या ऑफिसातल्या मंडळींनी वाढदिवसाला दिलं.

सुरुवात झकास आहे. ‘वार्मदूशर’ म्हणजे गरम पाण्याने अंघोळ करणारा, ‘शाटनपार्कर’ म्हणजे गाडी सावलीत लावणारा, ‘बेकनरांटश्विमर’ म्हणजे तलावाच्या कडेकडेने पोहणारा. या हिशेबाने मी तिन्ही गुन्ह्यांत दोषी! माझा लाडका मात्र ‘टुर्नबॉयटेलफरगेसर’. शाळेत पीटीच्या कपड्यांची पिशवी विसरणारा, म्हणून नेभळट. एवढा लांबलचक शब्द रागाच्या भरात कोण उच्चारणार, देव जाणे. ‘फ्राउएनफरश्टेअर’, म्हणजे बायकांना समजून घेणारा, हाही टोमणाच. इथे बायकोने भुवया उंचावल्या.

‘झिट्सपिंकलर’च्या, म्हणजे बसून लघवी करणाऱ्याच्या, पानावर नुसतं व्यंगचित्र आहे. खरी गंमत राहूनच गेली. 2015 मध्ये ड्युसेलडॉर्फच्या न्यायालयात भाडेकरूच्या उभ्याने लघवी करण्यावरून खटला रंगला होता. संगमरवरी फरशी खराब झाली म्हणून घरमालकाने अनामतीतले 1,900 युरो अडवले होते. निकाल भाडेकरूच्या बाजूने लागला.

जर्मन दंडसंहितेच्या कलम 185 नुसार अपमान हा गुन्हा आहे, याबद्दल कॅलेंडरात अवाक्षर नाही. मित्रांत चालतं ते ट्रॅफिकमध्ये महागात पडू शकतं.

जूननंतर भरती सुरू होते, शब्द ओढूनताणून जुळवलेले. डिंकही कच्चा, एक पान ओढलं की तीन निघतात. जर्मन बऱ्यापैकी येत असेल तरच घ्या. पाचपैकी तीन.