धुकं गाळायचं की दव जमवायचं?

मी लिहीत असलेल्या कादंबरीतल्या तरंगत्या बेटांवर नदी नाही, विहीर नाही. पाणी फक्त खालून वर येणाऱ्या धुक्याचं. त्यासाठी दोन यंत्रं आखलीत: शिडांच्या जागी जाळ्या लावलेलं कोळीजहाज (मासे धरणारा कोळी आणि जाळं विणणारा कोळी, दोघंही मनात होते) आणि पितळेची अजस्र गारघंटा.

घंटा देखणी आहे. तिच्या थंड अंगावर दव जमतं, अगदी धुकं नसलेल्या दिवशीही. पण वाफेचं एक लिटर पाणी होताना सुमारे २,४०० किलोज्यूल उष्णता बाहेर पडते. नागपूरकराला हे उलट बाजूनं ठाऊक आहे: मे महिन्यात कूलरच्या ताट्यांतलं पाणी वाफ होताना हीच उष्णता हवेतून ओढून घेतं, म्हणून तर दुपार निभते. घंटेला ती सतत बाहेर फेकावी लागेल. एवढ्याशा बेटावर तेवढं इंधन आणायचं कुठून?

धुक्यात पाणी आधीच थेंब झालेलं असतं; जाळीनं ते फक्त अडवायचं. चिलीत एल तोफोच्या डोंगरावर अशाच जाळ्यांनी चुंगुंगो गावाला पाणी पुरवलं. इंधन शून्य, वारा मात्र हवाच. जानेवारीच्या पहाटे नागपूरच्या अंबाझरी तलावावर धुकं दिसतं, पण हवा पडलेली असेल तर जाळी जेमतेम ओली होईल. म्हणूनच जहाज: वारा नसला की वल्ही मारत तेच धुक्यात शिरतं.

माझी निवड जहाजाचीच. घंटा एकाच बेटावर ठेवीन, धुकं महिनाभर रुसलं तर.