अंथरुणाला खिळलेल्या नर्तकीचा हात : ‘हँड मूव्ही’ आणि सोबतचे चार लघुपट

अमेरिकी नृत्यरचनाकार आणि चित्रपटकर्त्या इव्हॉन रेनर यांचे १९६६ ते १९६९ या काळातील पाच मूक, कृष्णधवल लघुपट ‘फाइव्ह ईझी पीसेस’ या नावाने एकत्र उपलब्ध आहेत. शिकागोची ‘व्हिडिओ डेटा बँक’ त्यांचे वितरण करते. केवळ ‘हँड मूव्ही’साठीही हा संच घ्यावा, असे माझे मत आहे.

मोठ्या शस्त्रक्रियेनंतर रेनर रुग्णालयात पडून होत्या आणि नाचणे अशक्य होते, त्या दिवसांत, १९६६ मध्ये, नर्तक विल्यम डेव्हिस यांनी आठ मिलिमीटरच्या फिल्मवर त्यांचा एक हात चित्रित केला. फिकट पार्श्वभूमीवर दहा मिनिटांहून कमी वेळ तेवढाच हात दिसतो : बोटे ताणली जातात, वाकतात, एकमेकांवर घासतात, एखादे बोट इतरांपासून सुटून एकटेच हलू पाहते. कथक किंवा भरतनाट्यम पाहत आलेला आपल्याकडचा प्रेक्षक नकळत त्यात पताक, कटकामुख अशा मुद्रा शोधू लागतो. इथे मात्र बोटांवर कोणताही अर्थ लादलेला नाही, दिसते ती केवळ स्नायू आणि सांध्यांची मेहनत.

आजारपण किंवा अपंगत्व पडद्यावर आले की करुण संगीत, आप्तांचे अश्रू आणि अखेरीस जिद्दीचा विजय हे जणू ठरलेलेच असते. रेनर यांनी यातले काहीही घेतलेले नाही, आणि म्हणूनच जेवढी हालचाल शक्य आहे तेवढीच नृत्य म्हणून स्वीकारणारा हा लघुपट मला इतका मोलाचा वाटतो. पुढे फेब्रुवारी १९६७ मध्ये, प्रकृती पुरती सावरलेली नसताना, त्यांनी आपली ‘ट्रायो ए’ ही रचना ‘कॉन्व्हॅलेसंट डान्स’ या नावाने त्याच अशक्त शरीराने सादर केली.

एक उणीव गंभीर आहे. रुग्णालयाचा संदर्भ खुद्द चित्रात कुठेच येत नाही, त्यामुळे तो ठाऊक नसलेल्याला हा निव्वळ बोटांचा व्यायाम वाटू शकतो. शिवाय रेनर बऱ्या झाल्या; आयुष्यभराच्या अपंगत्वाचा अनुभव येथे शोधणाऱ्याची निराशा होईल.

उरलेल्या चारांपैकी ‘व्हॉलीबॉल’ आवर्जून पाहावा : चेंडू घरंगळत येऊन थांबतो, गुडघ्याखालचे पाय त्याच्याजवळ येऊन उभे राहतात, आणि हेच पुनःपुन्हा घडते. कोंबड्यांवरचा ‘ऱ्होड आयलंड रेड’ मला लांबलेला वाटला. नृत्य किंवा चित्रपट शिकवणाऱ्यांनी ‘हँड मूव्ही’ दाखवताना त्यामागची हकिकत आधी सांगावी.