क्लेम लोकअदालतीत मिटवावा की निकालापर्यंत न्यावा?

दाजी अपघातात गेले तेव्हा क्लेमची कागदपत्रं घेऊन मीच फिरलो. त्यामुळे हल्ली ओळखीपाळखीतून फोन येतात आणि प्रश्न बहुतेक वेळा एकच असतो: विमा कंपनी लोकअदालतीत मिटवायला तयार आहे, घ्यावं का? आम्ही नको म्हटलं होतं. सगळ्यांनी तसंच करावं असं मात्र माझं म्हणणं नाही.

(मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 चे पाच लाख हा वेगळा विषय. तिथे चूक कुणाची हे सिद्ध करावं लागत नाही, पण ते स्वीकारले की कलम 166 चा, म्हणजे चूक दाखवून पूर्ण भरपाई मागण्याचा, दावा संपतो. घरचा कमावता माणूस गेला असेल तर तिथे घाई नको, एवढंच सांगतो.)

लोकअदालतीच्या बाजूने बोलण्यासारखं बरंच आहे. तडजोड झाली की त्याच दिवशी निवाडा, कोर्ट फी परत, आणि त्यावर अपील नाही. म्हणजे कंपनी उच्च न्यायालयात जाऊन बसेल ही धास्ती उरत नाही. अपील अर्थात तुम्हालाही नाही. पंचनाम्यात आपल्या माणसाचीही थोडी चूक दिसत असेल, साक्षीदार डळमळीत असेल, तर मिटवलेलं बरं. गेलेली व्यक्ती साठीपुढची असेल तरीही तेच, कारण वर्षाच्या उत्पन्नाला ज्याने गुणून भरपाई काढतात तो गुणक वयावर ठरतो: 61 ते 65 ला 7 आणि पुढे 5. वर्षानुवर्षं ओढून हाती फार वेगळं काही लागत नाही. एका मित्राच्या वडिलांच्या केसमध्ये मीच त्याला मिटव म्हणालो होतो.

आमचं बिनसलं ते एका साध्या गोष्टीवरून. टेबलापलीकडच्या विमा कंपनीच्या साहेबांनी आकडा सांगितला, साडेबावीस लाख. ताईने विचारलं, "हे कसे काढले?" "उत्पन्न पंधरा हजार धरलंय ताई, रिटर्न भरलेले नसताना. चांगला आकडा आहे." मी फोड मागितली. "इथे फोड नसते, ठोक असतं." तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा उत्तराऐवजी तडजोडीची पुरसिस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) पुढे सरकवली. टाइप करून तयारच होती.

जेवणाच्या सुट्टीनंतर सांगतो म्हणालो आणि चहाच्या टपरीवर पाकिटाच्या पाठीवर हिशेब मांडला. दाजींचं वय 38, स्वतःचं गॅरेज. सर्वोच्च न्यायालयाच्या प्रणय सेठी निकालानुसार (2017) चाळिशीच्या आतल्या स्वयंरोजगारी माणसाच्या उत्पन्नात भविष्यातली वाढ म्हणून 40 टक्के मिळवायचे, म्हणजे 21,000. ताई, दोन मुलं, सासूबाई असे चार अवलंबून, म्हणून दाजींच्या स्वतःच्या खर्चापोटी पाव हिस्सा वजा: 15,750. वर्षाचे 1,89,000. त्याच न्यायालयाच्या सरला वर्मा निकालाच्या तक्त्यात 36 ते 40 वयाला गुणक 15, म्हणजे 28,35,000. त्यावर सहवास गमावल्याचे चौघांचे प्रत्येकी 48,400, मालमत्तेच्या नुकसानीचे 18,150 आणि अंत्यविधीचे तेवढेच. एकूण 30,64,900.

मग तोच हिशेब चाळीस टक्के गाळून केला. 22,54,900 आले.

कदाचित योगायोग असेल, त्यांनी दुसऱ्याच रस्त्याने तिथे पोहोचायचं ठरवलं असेल. पण वाढ गाळली आणि वरचे सुटे टाकले की बरोबर त्यांचाच आकडा उभा राहत होता, आणि तो कसा आला हे नवरा गमावलेल्या बाईला कुणी सांगेना. व्याजाचा तर विषयच निघाला नव्हता. सुट्टीनंतर आम्ही नाही म्हटलं. नाही म्हटल्याने काही बिघडत नाही, केस होती तशी कोर्टात परत जाते. साहेब दुखावतील वगैरे भीती मलाही होतीच.

पुढची दोन वर्षं सोपी गेली नाहीत. ताईचे दागिने गहाण पडले. उलटतपासणीत तिला विचारलं, गॅरेज महिन्यातून किती दिवस बंद असायचं? घरी येऊन ती जेवली नाही. शेवटी न्यायाधिकरणाने उत्पन्न तेच पंधरा हजार धरलं, वाढ मात्र मिळवली, आणि दावा दाखल झाल्यापासून साडेसात टक्के व्याज दिलं. व्याजच सात लाखांच्या वर गेलं. अपिलाची नव्वद दिवसांची मुदत संपेपर्यंत धाकधूक होती. कंपनी गेली नाही, हे आमचं नशीब म्हणा. गेली असती तर हा मजकूर कदाचित वेगळा लिहिला असता. मुलांचा हिस्सा ती सज्ञान होईपर्यंत राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत आहे, आणि निकालपत्रात प्रत्येक रुपया कुठून आला ते लिहिलेलं आहे. ताई ते अजून कधीतरी काढून वाचते.

परवा एका बाईंचा फोन आला, पुढच्या शनिवारी लोकअदालत होती. त्यांना म्हटलं, सही करायच्या आधी उत्पन्न, वाढ, वजावट आणि गुणक हे चार आकडे कागदावर मागा. त्यांना ते मिळाले. यजमान पंचेचाळीस वर्षांचे, दुकानदार. वाढ 25 टक्के धरलेली, गुणक 14. दोन्ही बरोबर. त्यांनी मिटवलं.