परदेशातील व्यापारी मंडळाचे सहयोगी सभासदत्व : रावेरच्या केळी निर्यातदाराचा अभिप्राय

आखाती देशांतील एका शहरात भारतीय आणि स्थानिक व्यापाऱ्यांचे एक संयुक्त व्यापारी मंडळ काम करते. रावेर तालुक्यातून केळी निर्यात करणाऱ्या आमच्या छोट्या कंपनीने या मंडळाचे सहयोगी सभासदत्व घेतले आणि त्याच्या बहुतेक सेवा प्रत्यक्ष वापरल्या. मंडळाचे नाव मी मुद्दाम देत नाही, कारण ज्या उणिवेविषयी लिहायचे आहे ती त्या एका संस्थेपुरती नाही. आपली वर्गणी घेऊन परदेशात आपल्या वतीने बोलणाऱ्या कोणत्याही मंडळाला हे प्रश्न विचारता येतील.

सर्वांत उपयोगी ठरलेली सेवा म्हणजे खरेदीदाराची पडताळणी. आमच्या भागात बऱ्हाणपूरच्या लिलावातील भाव पाहून रोजचे सौदे ठरतात आणि त्याहून बरा भाव देऊ करणारा परदेशी फोन आला की मोह होतो. अशा वेळी त्या माणसाचा व्यापार परवाना चालू आहे का, तो कोणाच्या नावावर आहे, त्याच्याकडे केळी पिकवण्याच्या स्वतःच्या खोल्या आहेत की तो केवळ मधला दलाल आहे, हे रावेरमध्ये बसून कळण्याचा मार्ग नसतो. मंडळाच्या कार्यालयाने ही माहिती प्रत्येक वेळी थोड्याच दिवसांत आणि लेखी दिली. एका खरेदीदाराबाबत तर त्यांनी स्पष्ट सावध केले, आणि तो सौदा आम्ही केला नाही.

दुसरी चांगली सेवा कागदपत्रांविषयीच्या मार्गदर्शनाची. भारत आणि संयुक्त अरब अमिराती यांच्यातील सर्वंकष आर्थिक भागीदारी करार 1 मे 2022 पासून अमलात आला. करारातील आयात शुल्काच्या सवलतीसाठी लागणारे मूळस्थान प्रमाणपत्र, म्हणजे माल कोणत्या देशाचा आहे याचा दाखला, आणि एरवी व्यापारी संघटनांकडून मिळणारे साधे मूळस्थान प्रमाणपत्र यांतील फरक आमच्याकडील अनेक नव्या निर्यातदारांना ठाऊक नव्हता. मंडळाने तो ऑनलाइन सत्रांत धीराने समजावून सांगितला आणि आलेल्या शंकांची उत्तरे नंतर ईमेलने पाठवली. प्रदर्शनाच्या काळात घडवून आणलेल्या भेटी मात्र वरवरच्या होत्या. त्यांतून ओळखी झाल्या, व्यवहार झाला नाही.

खरी कसोटी तक्रारीच्या वेळी लागली. केळी साधारण 75 टक्के पक्व असताना हिरवी कापतात, पॅकहाऊसमध्ये फण्या सोडवून, धुऊन खोक्यांत भरतात, थंड करतात आणि 13 ते 14 अंश सेल्सिअस तापमान राखणाऱ्या रीफर कंटेनरमधून न्हावाशेवा बंदराकडे रवाना करतात. तापमान याच्या बरेच खाली गेले तर सालीला थंडी बाधते, ती राखट होते आणि फळ पिकले तरी त्यावर पिवळा तजेला येत नाही. वर गेले तर माल वाटेतच पिकू लागतो. त्यामुळे साल खराब निघाली तर दोष पॅकहाऊसचा, जहाज कंपनीचा की माल उतरल्यावर तो उघड्यावर ठेवणाऱ्या खरेदीदाराचा, हे ठरवायला तापमान नोंदवणाऱ्या यंत्राची नोंद आणि कंटेनर उघडताना हजर असलेला त्रयस्थ सर्व्हेयर, हे दोनच भरवशाचे साक्षीदार असतात.

आमच्या एका कंटेनरबाबत खरेदीदाराने सर्व्हेयर न बोलावताच माल उतरवला, विकला, आणि नंतर काही छायाचित्रांसह मोठ्या रकमेची डेबिट नोट, म्हणजे बिलातून तेवढी रक्कम कापल्याची चिठ्ठी, पाठवली. यंत्राची नोंद आमच्या बाजूने होती. खरेदीदार त्याच मंडळाचा पूर्ण सभासद असल्यामुळे आम्ही तेथे तक्रार नोंदवली. कार्यालयाने पोच लगेच दिली. परंतु तक्रार ज्या समितीकडे गेली तिच्यातील एक सदस्य फळांच्या आयातीतच होता आणि त्याचे त्या खरेदीदाराशी नियमित व्यवहार होते, हे आम्हाला इतर व्यापाऱ्यांकडून कळले. अशा सदस्याने त्या प्रकरणातून बाजूला व्हावे असा लेखी नियम मंडळाकडे नव्हता. समितीने अखेरीस डेबिट नोटची रक्कम दोघांनी निम्मी निम्मी सोसावी असा सल्ला दिला. त्यामागची कारणे मागितली तेव्हा, समितीची चर्चा गोपनीय असते, एवढेच उत्तर आले.

या सल्ल्याची किंमत किती मोठी असते, हे निर्यात विम्याची अट पाहिली की लक्षात येते. ईसीजीसी ही केंद्र सरकारची कंपनी 1957 पासून निर्यातदारांना पैसे बुडण्याच्या धोक्यापासून संरक्षण देते. पण खरेदीदाराने मालाच्या दर्जाचा वाद उपस्थित केला, तर त्याच्या देशातील सक्षम न्यायालयाचा निकाल आपल्या बाजूने मिळवल्याशिवाय ते संरक्षण सामान्यतः लागू होत नाही. एका कंटेनरच्या रकमेसाठी परदेशी न्यायालयात जाणे छोट्या निर्यातदाराला परवडत नाही. पॅरिसच्या आंतरराष्ट्रीय व्यापारी मंडळाचे 1923 पासून चालत आलेले लवाद न्यायालयही आमच्यासारख्यांच्या आवाक्यातले नाही. म्हणून स्थानिक मंडळाची समिती हाच व्यवहारातला मुख्य दरवाजा उरतो, आणि तेथे झालेल्या तडजोडीचा फटका शेवटी शेतकऱ्याच्या बांधापर्यंत येतो. पुढच्या कापणीचा भाव ठरवताना निर्यातदार मागची तूट धरूनच बोलतो, आणि ज्याच्या बागेतील मालात काहीही खोट नव्हती त्यालाही कमी पैसे मिळतात. मला सर्वांत जास्त हेच खुपते.

व्यापारी मंडळे जबाबदार असूच शकत नाहीत, असे मात्र नाही. 1599 मध्ये मार्सेय येथे सुरू झालेल्या पहिल्या मंडळापासून त्यांचे दोन प्रकार दिसतात. फ्रान्स आणि जर्मनीमध्ये ही मंडळे सार्वजनिक कायद्याखालील संस्था आहेत. त्यांच्यावर राज्याची देखरेख असते. आपल्याकडील मंडळे, म्हणजे 1836 चे बॉम्बे चेंबर किंवा वालचंद हिराचंद यांच्या पुढाकाराने 1927 मध्ये उभे राहिलेले महाराष्ट्र चेंबर, ही व्यापाऱ्यांनी स्वेच्छेने स्थापन केलेली आहेत. तरीही मूळस्थान प्रमाणपत्र देण्याचा अधिकार आपल्याकडील संघटनांना विदेश व्यापार महासंचालनालयाकडून मिळतो, त्यामुळे निदान त्या एका कामापुरते त्यांना सरकारला उत्तर द्यावे लागते. जर्मनीची परदेशांतील मंडळे, ज्यांत 1956 मध्ये स्थापन झालेले इंडो जर्मन चेंबर येते, सभासदांच्या वर्गणीवर आणि सेवांच्या उत्पन्नावर चालतात, शिवाय जर्मन अर्थ मंत्रालयाकडून त्यांना अंशतः निधी मिळतो. जेथे सरकारी पैसा येतो तेथे हिशेबही मागितला जातो.

आम्ही ज्या मंडळाचे सभासद आहोत ते या दोन्ही व्यवस्थांच्या मधे उभे आहे. त्याची नोंदणी तेथील कायद्याने झालेली आहे, म्हणून भारतातील कोणत्याही कार्यालयाला त्याची तपासणी करता येत नाही. त्याच्या निमंत्रणपत्रिकांवर दोन्ही देशांची नावे झळकतात, दूतावासाचे अधिकारी त्याच्या समारंभांना उपस्थित राहतात, आणि भारतीय निर्यातदारांचे म्हणणे म्हणून त्याचे पदाधिकारी जे मांडतात ते तेथील सरकारी बैठकांत ऐकले जाते. परंतु रावेर, सावदा किंवा चोपड्याचा सहयोगी सभासद मतदान करू शकत नाही, वार्षिक सभेचे इतिवृत्त त्याला पाठवले जात नाही, आणि मोठ्या प्रायोजकांकडून येणाऱ्या रकमेचा तपशील त्याला पाहता येत नाही. प्रतिनिधित्व आमचे आणि हिशेब दुसऱ्यांना, ही रचना योग्य नाही. जळगावच्या केळीला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले; त्या नावाविषयी परदेशात कोण काय बोलतो, हे जाणून घेण्याचा हक्क या भागातील उत्पादकांना असायलाच हवा.

सभासदत्वाचे नूतनीकरण आम्ही केले आहे, कारण पडताळणीची सेवा वर्गणीच्या मानाने खरोखर मोलाची आहे. अर्जासोबत तीन मागण्या लेखी केल्या: तक्रार समितीच्या सदस्यांनी आपले व्यावसायिक हितसंबंध आधी जाहीर करावेत, प्रत्येक सल्ल्यासोबत कारणे द्यावीत, आणि लेखापरीक्षित हिशेब सहयोगी सभासदांनाही पाठवावा. हिशेबाची मागणी मान्य झाली आणि ताळेबंद आला. उरलेल्या दोन मागण्या कार्यकारिणीपुढे ठेवण्यात येतील असे कळवण्यात आले आहे.

ज्यांचे स्वतःचे पॅकहाऊस आहे आणि जे वर्षभर नवे खरेदीदार शोधत असतात, त्यांनी असे सभासदत्व जरूर घ्यावे. मात्र सौद्याच्या करारातच सर्व्हेयरचे नाव, कंटेनर उघडण्यापूर्वीची पूर्वसूचना आणि तक्रार करण्याची मुदत लिहून घ्यावी आणि वाद मंडळावर सोपवून निश्चिंत राहू नये. वाद झालाच तर विदेश व्यापार महासंचालनालयाकडे दर्जाविषयक तक्रारी आणि व्यापारी तंटे यांसाठी असलेल्या यंत्रणेकडे आणि भारतीय दूतावासाच्या वाणिज्य विभागाकडेही त्याच वेळी अर्ज करावा. शेतकरी उत्पादक कंपन्यांनी मात्र एकेकट्याने वर्गणी भरण्याऐवजी एकत्र येऊन मताधिकारासह सभासदत्व मागावे, आणि ते मिळत नसेल तर केवळ पडताळणीची सेवा शुल्क भरून स्वतंत्रपणे मिळते का, याची चौकशी करावी. आमच्या मंडळात ती तशी मिळते.