मँचेस्टरमध्ये एकच दुपार: रायलँड्स बघावं की चेटम्स?

लेकाकडे किंवा कामानिमित्त मँचेस्टरला गेलात आणि हाताशी एकच दुपार असेल, तर निवड या दोन ग्रंथालयांतच करा. दोन्ही इमारती ‘ग्रेड वन’, म्हणजे वारसा इमारतींना मिळणाऱ्या कायदेशीर दर्जात सर्वांत वरच्या. इंग्लंडभरच्या संरक्षित इमारतींपैकी जेमतेम अडीच टक्के या वर्गात बसतात. टाउन हॉलही याच वर्गातला, पण २०१८ मध्ये तो मोठ्या दुरुस्तीसाठी बंद झाला. तिकडे जायचं तर आधी चौकशी करा.

डीन्सगेटवरचं जॉन रायलँड्स ग्रंथालय पहिल्या नजरेत चर्चच वाटतं. कापडधंद्यात अमाप पैसा कमावलेल्या नवऱ्याच्या स्मरणार्थ एन्रिकेटा रायलँड्स यांनी ते बांधलं आणि १ जानेवारी १९०० रोजी ते लोकांसाठी उघडलं. शहर तेव्हा गिरण्यांच्या धुरात बुडालेलं. (आपल्या वऱ्हाडातला कापूस मँचेस्टरभोवतीच्या लँकेशायर परगण्यातल्या गिरण्यांनाही जायचा.) पुस्तकांवर काजळी धरू नये म्हणून बाईंनी गॅसऐवजी विजेचे दिवे लावले, आणि रस्त्याचा गोंगाट पोचू नये म्हणून वाचनकक्ष वर, उंचावर घेतला. प्रवेश मोफत, लिफ्टची सोय. सोबत वयस्कर मंडळी असतील तर सरळ इथेच या.

तिथून दहा-पंधरा मिनिटं चाललात की व्हिक्टोरिया स्टेशनजवळ चेटम्स. वास्तू पंधराव्या शतकातली, धर्मगुरूंच्या निवासासाठी बांधलेली. ग्रंथालय १६५३ चं, हम्फ्री चेटम या कापड व्यापाऱ्याच्या मृत्युपत्रातून उभं राहिलेलं. वाचायला येणाऱ्याकडून काहीही मागायचं नाही, अशी ग्रंथपालाला ताकीद होती. ओकच्या त्या बुटक्या तिवया नीट बघा: उचलायला सोपं जावं म्हणून बैठकीत ‘एस’ आकाराची खाच कोरली आहे. खिडकीच्या कोनाड्यातल्या मेजावर १८४५ च्या उन्हाळ्यात मार्क्स आणि एंगल्स शेजारी बसून वाचायचे. पंचवीस वर्षांनी एंगल्सने मार्क्सला लिहिलं, की खिडकीच्या रंगीत काचेमुळे तिथे हवामान कायम छानच असतं.

अडचण एवढीच की चेटम्स पैसे भरून, मार्गदर्शकासोबत, ठरल्या वेळीच बघता येतं, आणि ग्रंथालय वरच्या मजल्यावर आहे. तरीही मला विचाराल तर चेटम्सच. रायलँड्स डोळे दिपवतं. चेटम्समध्ये कुणीतरी आत्ताच वाचता वाचता उठून गेलंय असं वाटतं. वेळ आधी नोंदवा, आणि दुपार उरलीच तर परतताना रायलँड्समध्ये डोकावा.